नको अक्का

फोन उचलल्यावर अक्का ‘हॅलो’ म्हणत नसत. पलीकडच्याचं म्हणणं शांतपणे ऐकून घेत आणि मग एवढंच म्हणत, "पावणं, नको." फोन बंद. कुणाला महिन्यात दामदुप्पट देणारं अ‍ॅप सापडलेलं असे, कुणाचा मेव्हणा कसल्याशा साखळी योजनेत ‘लीडर’ झालेला असे. पैसे घालू का, असं माणसं अक्कांना विचारायची, शिव्या खाल्ल्यासारखं तोंड करायची आणि ऐकायची. त्यांचं खरं नाव ठाऊक असलेले थोडेच, पण ‘नको अक्का’ म्हटलं की मार्केट यार्डातल्या हमालापासून जोतिबाच्या डोंगरावर गुलाल-खोबरं विकणाऱ्यापर्यंत सगळ्यांना कळायचं.

अक्का आमच्या दैनिकाच्या अर्थविषयक बातमीदार होत्या. शिरोळकडच्या जैन कुटुंबातल्या; वडिलांची यार्डात गुळाची अडत होती. लग्न केलं नाही, आणि त्याबद्दल विचारणाऱ्यालाही तेच दोन अक्षरी उत्तर मिळे. मी त्यांच्या समोरच्या टेबलावर उपसंपादक होतो, म्हणजे त्यांची कॉपी तपासणं माझं काम. प्रत्यक्षात त्याच माझी अक्कल तपासत.

कुठल्याही संस्थेचा वार्षिक अहवाल त्या शेवटच्या पानापासून वाचत. मला म्हणायच्या, "अहवाल शेपटाकडनं वाचायचा. तोंडाकडं नुसते चेअरमनचे फोटो असतात." एका सर्वसाधारण सभेला मी त्यांच्याबरोबर गेलो होतो. स्टेजवरून विषय वाचला की मंडपातून ‘मंजूर, मंजूर’ असा गलका उठायचा. अक्का पत्रकारांच्या रांगेत उभ्या राहिल्या आणि शेवटच्या पानावरचा लेखापरीक्षकाचा शेरा मोठ्यानं वाचू लागल्या. माईक बंद झाला. त्यांचा आवाज थांबला नाही. जाताना संयोजकांनी सभासदांना दिलेला स्टीलचा डबा त्यांच्याही पुढं केला. त्या काय म्हणाल्या हे सांगायला नको. माझा डबाही त्यांनी परत करायला लावला, त्याचा मला त्या दिवशी रागच आला होता.

त्यांचा स्वतःचा डबा सूर्यास्ताच्या आत उघडायचा. कार्यालय जागं व्हायचं त्याच वेळेला, फोन वाजत असताना, टीव्ही ओरडत असताना अक्का भाकरी मोडायच्या. दिवे लागल्यानंतर त्यांनी अन्न तोंडात घातलेलं आम्ही कधी पाहिलं नाही. कांदा-बटाटा तर नाहीच. निवडणुकीच्या दिवशी सगळं ऑफिस वडापाववर तुटून पडलं, तेव्हा त्या उपाशीपोटी आकडे तपासत बसल्या होत्या. आग्रह करणाऱ्यांना आधी हसून नको म्हणाल्या, मग न हसता.

दर सोमवारी त्यांचं सदर यायचं. त्याचा एक वाचक आमच्या ओळखीचा झाला होता. गारगोटीचे निवृत्त शिक्षक. आम्ही त्यांना गुरुजीच म्हणायचो. सदराचं कात्रण कापून, त्यातले ऱ्हस्व-दीर्घ लाल शाईनं दुरुस्त करून ते पाकिटातून पाठवायचे. इतर कुणाच्या चुका काढत नसत, फक्त अक्कांच्या. त्या चुका खरं तर माझ्या नजरेतून सुटलेल्या, त्यामुळे पाकीट आलं की मी चहाला पळायचो. अक्का ती कात्रणं जपून ठेवत. म्हणत, "पैशाचं मी सांगते, वेलांटीचं गुरुजी सांगतात. दोघांचं मिळून सदर आहे."

मग अक्का संपादक झाल्या. आम्ही पेढे वाटले. शेवटच्या पानाच्या तळाला बारीक अक्षरात ओळ असते ना, ‘जाहिरातींतील मजकुराशी संपादक सहमत असतीलच असे नाही’, ती मी त्यांना चिडवायला मोठ्यानं वाचून दाखवली. त्या हसल्या. पण खुर्चीनं त्यांची भाषा बदलली. ‘बघू’ आलं, ‘कागद हातात येऊ देत’ आलं. फोन पूर्वीसारखेच यायचे, पण आता त्या म्हणायच्या, "मी आता एकटी बोलत नाही. मी बोलले की पेपर बोलतो."

एका पतसंस्थेच्या अहवालाच्या शेपटाकडं त्यांना हवं ते सापडलं होतं. कर्जं संचालकांच्याच घरात वाटलेली. बातमी मी लिहिली, अक्कांनी तासली, आणि ती माझ्या मशीनवर पडून राहिली, कारण संस्थेच्या वकिलाची नोटीस आली होती. मालक म्हणाले, "सही-शिक्क्याचा कागद मिळेपर्यंत एक ओळ नको." त्याच आठवड्यात पहिल्या पानावर त्या संस्थेची रंगीत जाहिरात झळकली. अक्का आदल्या संध्याकाळी मालकांच्या केबिनमध्ये जाऊन आल्या होत्या, दार आपटलं होतं, पण जाहिरात छापली गेली.

दोन दिवसांनी गुरुजी आले. काखेत घडी घातलेला अंक. "अक्का, पेन्शनीतनं साठवलेलं हाय, अन् हिच्या नावावरचं थोडं. ठेवू न्हवं? तुमच्याच पेपरात आलंय की."

मी हातातलं पेन खाली ठेवलं. तो शब्द आता येणार म्हणून वाट पाहिली. अक्कांनी टेबलावरचे कागद उगीच सारखे केले आणि म्हणाल्या, "गुरुजी, ती जाहिरात आहे. बातमी नाही."

"व्हय, बघितली की. झ्याक हाय!"

"घरी नीट विचार करून ठरवा."

"विचारायलाच तर तुमच्याकडं आलोय," गुरुजी हसले आणि उठले.

मी त्यांना सोडायला खाली निघालो. जिन्यात ते म्हणाले, "अक्का नको म्हणाल्या न्हाईत. म्हणजे काम झालं." मला ऐकू आलं होतं. बातमी मी स्वतः लिहिली होती. मी म्हणालो, "गुरुजी, पायरी जपून." आजही तो जिना चढताना मला स्वतःची शिसारी येते.

तीन आठवड्यांनी संस्थेचं शटर पडलं. दुसऱ्या दिवशी सगळ्यात सविस्तर बातमी आमचीच होती; असणारच, ती कधीची तयार होती. मालकांनी अभिनंदन केलं. अक्कांनी त्याच दिवशी राजीनामा दिला आणि त्या शिरोळला भावाकडं निघून गेल्या. अजून तिथंच असतात. फोन वाजला तर भाची उचलते.

गुरुजींच्या हृदयाचं ऑपरेशन ठरलेलं होतं. ते पैशाअभावी पुढं पुढं ढकलत गेलं, आणि पावसाळ्यात गुरुजी गेले. मी अक्कांना घेऊन गारगोटीला गेलो. पोचेपर्यंत दिवेलागण झाली होती. गुरुजींच्या पत्नीच्या, काकूंच्या, आवाजात राग नव्हता. तो असता तर बरं झालं असतं. "अक्कांना विचारून ठेवलंय म्हणायचे," त्या म्हणाल्या. "दवाखान्यात पण तेच. त्या बघतील म्हणायचे." मग त्यांनी गुरुजींची वही आणून दिली. अक्कांची सदरं ओळीनं चिकटवलेली. शेवटच्या पानावर ती रंगीत जाहिरात, तशीच व्यवस्थित चिकटवलेली, आणि तिच्यातली एक वेलांटी लाल शाईनं दुरुस्त केलेली.

अक्कांनी वही मिटली. काकूंनी ताटं आणली. मी घाईनं म्हणालो, "काकू, अक्का दिवे लागल्यावर जेवत नाहीत."

काकू ताट धरून तशाच उभ्या राहिल्या. "असं व्हय? मला ठावंच न्हाय. अन् भाजीत बटाटंबी हाय. आता उपाशी कसं लावून देऊ बाई तुमास्नी?"

अक्कांनी दाराबाहेर पाहिलं. बाहेर काळोख होता. त्यांनी हात पुढं करून ताट घेतलं, मांडीसमोर ठेवलं आणि बटाट्याच्या फोडीसकट पहिला घास घेतला.

"माझ्या माहेरचा भात हाय, आजऱ्याचा घनसाळ," काकू म्हणाल्या. "वाढू आणि?"

"वाढा," अक्का म्हणाल्या.

काकूंनी पुन्हा विचारलं, मग आणखी एकदा. मी माझ्या ताटाकडं बघत बसलो. काकू वाढत गेल्या आणि अक्का जेवत राहिल्या.