रिंगखालचा माईक

बसवराजअण्णा हलगे यांची आणि माझी ओळख एका चुकीतून झाली. चूक माझी होती.

नांदेडच्या एका रेडिओ केंद्रावर मी ध्वनितंत्रज्ञ म्हणून नुकतीच रुजू झाले होते. लातूरहून मुलींच्या बास्केटबॉल सामन्याचे समालोचन अण्णा करत होते. मला त्यांचा फक्त आवाज माहीत होता. सामना संपत आलेला, लातूरचा संघ एका गुणाने मागे, आणि त्याच संघातल्या मुरुडच्या एका मुलीला दोन फ्री थ्रो मिळालेले. "ती रेषेवर आली," असे म्हणून अण्णा थांबले. पाच सेकंदांहून जास्त शांतता आली, तर लाइन तुटली असे समजून राखीव संगीत लावायचे, असा आमचा नियम. मी पाच मोजले आणि सनई लावली. लाइन परत घेतली, तोवर लातूर जिंकले होते.

थोड्या वेळाने फोन आला.

"कोण हाय तिकडं?"

मी नाव सांगितले.

"माय, पोरगी फ्री थ्रो मारून राहिली अन् तू सनई लावलीस? लग्न लावलंस का काय तिचं?"

मी नियम सांगितला. मग ते म्हणाले, "हाव, नियम बरोबर हाय. मीच आधी सांगायला पाहिजे होतं." केंद्राने माझ्याकडे लेखी खुलासा मागितला, त्याआधीच अण्णांचे पत्र पोहोचले होते. त्यात त्यांनी सगळी चूक स्वतःकडे घेतली होती.

उदगीरच्या मुरमाड मैदानावर अण्णा खेळायला शिकले. वडिलांचे किराणा दुकान होते. खेळाच्या जोरावर त्यांना एका बँकेत नोकरी लागली आणि पुढची अनेक वर्षे बँकेच्या संघातून खेळणे हाच त्यांचा पेशा झाला. गुडघा गेला, तेव्हा ते परत आले. लातूरच्या एका स्पर्धेत समालोचक आला नाही म्हणून प्रेक्षकांत बसलेल्या अण्णांच्या हातात माईक दिला गेला. तो पुढे त्यांच्याकडेच राहिला.

फ्री थ्रोच्या वेळी ते का थांबतात, हे मी त्यांना नंतर विचारले. मैदानातल्या खेळाडूला रेडिओ ऐकू येत नाही, हेही निदर्शनास आणून दिले.

"तिला न्हाई येत. घरी तिची माय ऐकून राहिली ना," ते म्हणाले. "माझ्या मायनं मला खेळताना कधी बघितलं न्हाई. रेडिओ लावून बसायची. म्हणायची, बसू बाळा, त्याच्यात दुसराच माणूस बोलतो की रे, तू कुठं हाईस?"

म्हणून रेषेवरच्या खेळाडूच्या चेंडूचे टप्पे घरापर्यंत जावेत, असे त्यांना वाटे. पण त्यांच्या माईकवर ते जेमतेम येत. मी रिंगखाली दुसरा माईक लावायचे सुचवले. पुढच्या सामन्याआधी मी लातूरला पोहोचले, तेव्हा अण्णा त्या दुखऱ्या गुडघ्यासह शिडीवर होते, दातांत चिकटपट्टी धरून. "खाली या," मी म्हटले. "तू वायर बघ, रिंग मला ठाऊक हाय," असे उत्तर आले. त्या दिवशी चेंडूचे दोन टप्पे, मुलीचा श्वास आणि जाळीचा आवाज स्वच्छ आला. प्रक्षेपण संपताना त्यांनी माझे नाव घेतले. तंत्रज्ञांची नावे कोणी घेत नाही.

गेल्या वर्षी अण्णांच्या घशाची शस्त्रक्रिया झाली. आता थोडे बोलायला डॉक्टरांची हरकत नाही. हरकत अण्णांची आहे. "चिरका आवाज कोण ऐकतं, माय? नव्यांना बोलू दे." नवे समालोचक चांगले आहेत. फ्री थ्रोच्या वेळी मी त्यांचा आवाज बंद करते आणि रिंगखालचा माईक वाढवते. टप्पे ऐकू येतात, जाळी ऐकू येते. पण ती शांतता मी बटणाने केलेली असते. तीत श्वास रोखून बसलेला माणूस नसतो. हा फरक कुठल्याही मापकावर दिसत नाही. मला तो प्रत्येक सामन्यात ऐकू येतो.

अण्णा, आज तुम्हाला साठ वर्षे पूर्ण होत आहेत. तुम्हाला निरामय दीर्घायुष्य लाभो, गुडघ्याला आणि घशाला आराम मिळो. आवाज चिरका आहे की नाही, ते ठरवणे माझे काम आहे. ते माझ्यावर सोडा. तुमची खुर्ची लातूरला आहे तिथेच आहे. या, थोडे बोला, आणि एखादी मुलगी रेषेवर आली की पूर्वीसारखे थांबा. कितीही सेकंद थांबा. मी सनई लावणार नाही, हे या वेळी लेखी देते.