रादोस्तिनाचं गाव हलवलं तेव्हा

रादोस्तिना आमच्या इमारतीत दुसऱ्या मजल्यावर राहते आणि मी चौथ्या. रुसे शहराच्या ट्रॉलीबसवर तिनं सव्वीस वर्षं तिकीट तपासायचं काम केलं. पाठमोरी मान बघून तिला कळतं कोणाकडे तिकीट नाही, असं डेपोतले लोक म्हणायचे. ते खोटं नसावं. एकदा मी पास घरी विसरलो होतो. ती बसमध्ये चढली आणि तीस माणसं सोडून सरळ माझ्यापाशी आली. "मास्तर, तुम्ही आज खिडकीबाहेर बघताय. एरवी तुमचं डोकं पुस्तकात असतं." शेजारी म्हणून काही सवलत नाही, पुढच्या स्टॉपवर मला खाली उतरवलं.

घरीही तोच कारभार. हिवाळ्यासाठी भरलेल्या मिरच्यांच्या बरण्यांना ती झाकणावरून कागदाची पट्टी चिकटवते आणि पट्टीवर सही करते. तळघराला कुलूप असतं, किल्ली तिच्याच गळ्यात, तरीही सही. बाजारातला टरबूजवाला तिला लांबून येताना बघितलं की तराजू पुसून ठेवतो. तिचा नवरा ओग्न्यान मात्र अगदी निवांत माणूस. डॅन्यूबचा गाळ काढणाऱ्या बोटीवर तो मेकॅनिक होता. छातीच्या दुखण्यामुळे त्याला लवकर घरी बसवलं. तेव्हापासून बाल्कनीत बसून तो येणाऱ्याजाणाऱ्याशी दोन शब्द बोलायचा, बस.

अशा बाईला गेमचा नाद लागेल असं कोणी म्हटलं नसतं. चौदा वर्षांपूर्वी तिच्या गुडघ्याचं ऑपरेशन झालं आणि सहा आठवडे पडून राहावं लागलं. भाचीनं जाताना आपला हातात धरायचा छोटा कन्सोल तिच्या उशाशी ठेवला. त्यात नदीकाठच्या एका गावाचा गेम होता. झाडं लावायची, मासे धरायचे, घरं बांधायची. बाहेर दिवस असला की गावातही दिवस, बाहेर हिवाळा आला की तिथंही बर्फ. गुडघा बरा झाला, भाची कन्सोल विसरून गेली, रादोस्तिना मात्र त्या गावातून परत आली नाही. रोज तासभर. अकरा वर्षांत तिनं तिथं जर्दाळूची दोनशे बारा झाडं लावली. किती वाजता गेम उघडला, किती वाजता मिटला, कोणतं झाड फळलं, हे सगळं ती वहीत लिहायची. ड्यूटीवर कन्सोल कधीच न्यायची नाही. बसमधले चोरटे हात काय करतात ते तिच्याइतकं कोणाला माहीत असणार. झोपायच्या खोलीतल्या कपाटाच्या ड्रॉवरमध्ये तो असायचा.

"गेली रादका बाहुलीघरात," ओग्न्यान म्हणायचा. ती दार लोटून घ्यायची.

तीन वर्षांपूर्वीच्या सप्टेंबरात कन्सोलची पाठ फुगली. झाकण एका बाजूनं वर आलं. ती माझ्याकडे आली. पायात घरातल्या सपाता, पण पर्स मात्र काखेत.

"मास्तर, तुम्ही माझ्याबरोबर चला. साक्षीदार हवा."

"कशाला साक्षीदार?"

"दुकानात जायचंय."

पूर्वीच्या लाँड्रीच्या जागेत देयानचं दुरुस्तीचं दुकान होतं. पस्तिशीचा, उंच, झोपेतून उठवल्यासारखा आवाज. त्यानं कन्सोल हातात घेतला आणि लगेच काउंटरवर ठेवला.

"काकू, बॅटरी फुगलीय. ही चार्ज करू नका, पेटेल. आणि याचा पडदाही चाललाय. नवीन घ्या, गाव त्यात हलवून देतो."

"नक्कल काढ. एक इथं राहू दे, एक तिथं."

"नक्कल होत नाही. हलवावंच लागतं. नव्यात गेलं की जुन्यातून पुसलं जातं."

रादोस्तिनानं पर्स दुसऱ्या काखेत घेतली. "म्हणजे मधे थोडा वेळ ते कुठंच नसतं?"

"असतं. जात असतं."

"कुठून?"

"हवेतून. वायफायनं."

"कोणाच्या ताब्यात?"

देयाननं माझ्याकडे बघितलं. मी भूगोल शिकवत आयुष्य काढलंय, हवेतून जाणाऱ्या गावाबद्दल मला काय सांगता येणार? मी भिंतीवरचं कॅलेंडर बघत राहिलो.

"काकू, कोणाच्याच नाही," तो म्हणाला. "दोन्ही यंत्रं टेबलावर असतात. तुम्ही समोर बसा. पण आधी जुन्यात बॅटरी घालायला हवी. मधेच बंद पडला तर सगळं जाईल. बॅटरी राजधानीतून, सोफियाहून यायला दोन दिवस. ही फुगलेली मी आत्ताच काढतो, कन्सोल इथंच राहू दे."

त्या दोन दिवसांसाठी तिला राजी करायला अर्धा तास गेला. कन्सोलच्या मागचा नंबर तिनं वहीत उतरवला, मला वाचायला लावला, खाली माझी सही घेतली. घरी ओग्न्यानला सांगितलं, बॅटरी बदलायला दिलाय. गाव नव्या यंत्रात जाणार हे सांगितलं नाही. का, म्हणून मी विचारलं तर म्हणाली, "विचारलं नाही त्यानं."

शुक्रवारी सकाळी आम्ही दुकानात गेलो. तिनं घडीची खुर्ची आणि चीज घातलेली, पापुद्र्यांची भाजलेली बानित्सा सोबत आणली होती. बानित्सा तिनं मला दिली, देयानला दिली, स्वतः घेतली नाही. काम चालू असताना हात मोकळे हवेत म्हणाली. देयाननं दोन्ही यंत्रं शेजारी ठेवली, बटणं दाबली, आणि पडद्यावर एक निळी रेघ सरकायला लागली. पंचवीस मिनिटं ती रेघेवरून नजर काढेना. मधे देयानचा फोन वाजला, तर म्हणाली, "उचलू नकोस." त्यानं उचलला नाही.

मग जुन्या पडद्यावर आलं, की इथं आता काही नाही. रादोस्तिनाचा चेहरा उतरला. नव्या यंत्रात गाव उघडलं तरी तो लगेच काही खुलला नाही. तिनं वही काढली आणि झाडं मोजली. दोनशे बारा. नदीवरचा पूल, धक्क्यावरचा दिवा, मासे, सगळं जिथल्या तिथं.

"आणि माझे तास?" ती म्हणाली. "किती खेळले, त्याचा कुठं हिशोब असतो का?"

"तो जुन्यातच राहतो, तो हलत नाही," देयान म्हणाला आणि जुन्या कन्सोलमधलं नोंदीचं पान उघडून दाखवलं. चार हजार एकाहत्तर तास.

तिच्या वहीत तीन हजार नऊशे सहा होते.

तिनं वहीतल्या आकड्यावर बोट ठेवलं, मग पडद्यावरच्या. मग ती उठून उभी राहिली. "एकशे पासष्ट तास जास्त. तू खेळलास."

"मी?"

"यंत्र तुझ्याकडे होतं."

"काकू, यंत्र माझ्याकडे दोन दिवस होतं, तेही बॅटरीशिवाय. दोन दिवसांत अठ्ठेचाळीसच तास असतात." तो जरासुद्धा चिडला नाही, त्यामुळे ती जास्तच अस्वस्थ झाली. यंत्राचं घड्याळ चुकतं का? नाही. हवेतून जाताना तास वाढतात का? नाही. शेवटी देयाननं तारखांप्रमाणे नोंदी उघडल्या. दर मंगळवारी आणि दर गुरुवारी, सकाळी दहाच्या सुमारास, पाऊण तास. गेली दोन वर्षं.

मंगळवारी आणि गुरुवारी तिची सकाळची पाळी असायची.

वही तिनं माझ्या हातात दिली आणि स्वतः खुर्चीवर बसली. मी पानं उलटली. मंगळवारच्या आणि गुरुवारच्या नोंदींत तिच्याच अक्षरात जागोजागी होतं : आज तण कमी. आज तण नाही. रोज त्या गावात थोडं तण उगवायचं आणि ते उपटावं लागायचं. या दोन दिवशी तण उगवत नाही, असा तिनं गेमचाच नियम धरून ठेवला होता.

"घराची किल्ली आणखी कोणाकडे आहे?" देयाननं विचारलं.

"नवऱ्याकडे," ती म्हणाली, आणि मग आमच्या दोघांकडे आळीपाळीनं बघून, "कोणी एक शब्द बोलायचा नाही."

तिचा बेत साधा होता. जुना कन्सोल नेहमीच्या ड्रॉवरमध्ये ठेवायचा, नवा लपवायचा, आणि काय होतं ते बघायचं. मला तो आवडला नाही. तिला तसं सांगितलं. "बिनतिकीट माणसाला आधी सांगून कोणी चढतं का, मास्तर?" म्हणाली. दोन्ही यंत्रं पर्समध्ये टाकून ती निघाली.

मंगळवारी साडेदहाला माझं दार वाजलं. ओग्न्यान होता. दोन मजले चढून आल्यानं त्याला धाप लागली होती. हातात प्लॅस्टिकची पिशवी, पिशवीत कन्सोल.

"मास्तर, तुम्हाला यातलं कळतं का काही?"

"बस आधी."

तो बसला नाही. "मी रादकाचं गाव पुसलं. उघडलं तर काहीच नाही. कुठलं बटण लागलं माझं, देवाला ठाऊक. अकरा वर्षं, मास्तर. अकरा वर्षांचं होतं ते." पिशवी त्यानं दोन्ही हातांनी छातीशी धरली. बोटीची इंजिनं उघडून जोडणारे हात ते.

न बोलण्याचा शब्द मी रादोस्तिनाला दिला होता. आजही मला वाटतं की तेव्हाच सगळं सांगून टाकायला हवं होतं. मी त्याला पाणी दिलं आणि म्हटलं, "तिला जाऊन सांग."

"ती मला घराबाहेर काढेल."

"नाही काढणार. सांग."

त्यानं सांगितलं नाही. बुधवार गेला, गुरुवार गेला. रादोस्तिना जिन्यात भेटली की मला अहवाल द्यायची. "जेवत नाही. काल सूप तसंच ठेवलं. काहीतरी मोठं लपवतोय." मी म्हटलं, तब्येत बरी नसेल. ती म्हणाली, "तब्येत बरी नसली की तो कण्हतो. हा गप्प आहे." माझ्याकडेही तिनं निरखून बघितलं. "आणि तुम्ही माझ्या नजरेला नजर का देत नाही?"

शनिवारी सगळ्या इमारतीच्या बाल्कन्यांत मिरच्या भाजणं चाललं होतं. रादोस्तिनाकडे रिकाम्या बरण्या कमी पडल्या म्हणून मी माझ्या चार घेऊन खाली गेलो. ती भाजत होती, तो सोलत होता. माझ्याकडे बघून त्यानं सुरी खाली ठेवली. कदाचित मी आहे म्हणूनच त्याला धीर आला असेल.

"रादके, तुझं गाव मी पुसलं."

तिनं मिरची उलटली. "कधी?"

"मंगळवारी."

"मंगळवारी काय करत होतास त्यात?"

"जातो मी कधीकधी."

"कधीकधी म्हणजे कुठल्या दिवशी?"

"मंगळवारी. आणि गुरुवारी."

"कधीपासून?"

"घरी बसवलं तेव्हापासून."

"काय घेतलंस तिथलं?"

"काही नाही. तण उपटायचो. तू थकून येतेस, मग वाकून वाकून तण काढत बसतेस." ते वाकणं पडद्यावरचं होतं, पण तो ते अगदी खऱ्यासारखं बोलला. "नंतर धक्क्यावर बसायचो थोडा वेळ. तिथं पाणी बरं दिसतं. मासा लागला तर सोडून द्यायचो, तुला कळू नये म्हणून."

"मग बाहुलीघर का म्हणायचास?"

"म्हणत आलो होतो आधीपासून. अचानक बंद केलं असतं तर तुला संशय आला असता."

हे तिला पटलेलं दिसलं. तिनं हात पुसले, आत गेली आणि पिठाच्या डब्यामागून नवा कन्सोल घेऊन आली. गाव उघडून त्याच्यासमोर धरलं. त्यानं बराच वेळ बघितलं. पूल, दिवा, झाडं. मला वाटलं तो हसेल.

"हे कधीपासून इथं आहे?" त्यानं विचारलं.

"मागच्या शुक्रवारपासून."

"म्हणजे मी पाच दिवस जेवलो नाही ते तू बघत होतीस." मग माझ्याकडे वळून, "आणि तुम्हीही, मास्तर."

तो उठून आत गेला आणि दार लावून घेतलं. मिरच्या करपल्या. रादोस्तिनानं त्या चिमट्यानं बाजूला काढल्या, आणि मी माझ्या बरण्या तिथंच ठेवून वर आलो.

आठवडाभर तो तिच्याशी बोलला नाही, माझ्याशी तर महिनाभर. त्या काळात ती कशी राहिली ते मला नीट माहीत नाही, कारण ती जिन्यात थांबायची बंद झाली होती. एवढं कळलं, की एक दिवस ती एकटी देयानकडे गेली आणि विचारून आली, की एका गावात दोन माणसं राहू शकतात का. राहू शकतात, तो म्हणाला, नव्या यंत्रात तशी सोय आहे. मग एका दुपारी तिनं कन्सोल ओग्न्यानच्या मांडीवर ठेवला आणि म्हणाली, "घराची जागा निवड. जर्दाळू सोडून कुठंही."

त्यानं नदीपलीकडची जागा निवडली, धक्क्याजवळ. ती म्हणाली, तिथून माझ्या झाडांकडे थेट वाट येते. तो म्हणाला, म्हणूनच. हे त्यानंच मला सांगितलं, माझ्याशी बोलायला लागल्यावर.

आता ती निवृत्त झालीय. मंगळवार-गुरुवारची गरज उरली नाही. दोघं पाळीपाळीनं खेळतात आणि पाळीवरून कुरबुर करतात, खिडकी उघडी असली की मला वरपर्यंत ऐकू येते. गेल्या फेब्रुवारीत तिची बहीण वार्ना शहरात आजारी पडली आणि तिला तीन आठवडे तिकडं जावं लागलं. बस स्टँडवर तिची बॅग मी उचलली होती. कन्सोल घेतला का, म्हणून विचारलं.

"नाही. घरीच ठेवलाय."

"ओग्न्यानवर विश्वास बसला म्हणायचा."

"विश्वासाचं काय त्यात," ती म्हणाली. "वार्नाला बहिणीचा मुलगा आहे. सारखा विचारत असतो, मावशी, काय बघतेस. त्यापेक्षा हा बरा. हा काय करतो ते मला ठाऊक आहे."

बस सुटली. ती खिडकीशी बसली होती आणि पुढच्या सीटवरच्या माणसाच्या मानेकडे बघत होती.