व्लास्ताची निंदणी

दगडांच्या फटींत डोंगरी झाडं वाढवणाऱ्या आमच्या गावच्या खडकबाग मंडळातल्या प्रत्येकाला वाटतं, की आपल्याइतकं या झाडांतलं कुणालाच कळत नाही. मलाही तसंच वाटतं. पण निंदणीचा विषय निघाला की आम्ही सगळे मुकाट्याने खाली बघायचो. तिथे आलोईस हुदेत्सच्या बायकोपुढे, व्लास्तापुढे, कुणाची मात्रा चालत नसे.

आलोईस माझा शेजारी. आमच्या दोघांच्या बागांमध्ये कमरेएवढं कुंपण आहे. मोरावियातल्या खाणींमधून त्याने आपल्या खटारा गाडीतून पातळ फरश्या आणल्या आणि त्या उभ्या, एकमेकींना खेटून, जमिनीत रोवल्या. मधल्या फटींत खडी भरली. उंच डोंगरांवरची झाडं अशा फटींतच जगतात. वर मुठीएवढी गोल गच्च वाढ दिसते, आम्ही तिला उशी म्हणतो, आणि खाली मूळ हातभर गेलेलं असतं. थंडीचं या झाडांना काही वाटत नाही, बर्फाखाली ती कोरडी आणि सुखात असतात. त्यांना मारते ती आमच्याकडची हिवाळ्यातली ओल. आणि ओलीतून वाचलेल्यांना मारतं तण. एक तण तर थेट उशीसारखंच दिसतं. ते उशीच्या पोटात शिरतं आणि उशी कधी संपली ते मालकाला कळतही नाही.

व्लास्ताला कळायचं. जन्म हातमोज्यांच्या कारखान्यात गेलेला, त्यामुळे तिची बोटं डोळ्यांच्या पुढे होती. ठेंगण्या स्टुलावर बसून ती फटीत बोट घालायची आणि तेवढं तण ओढून काढायची. शेजारचं तांदळाच्या दाण्याएवढं रोप जागचं हलत नसे. मे महिन्यातल्या प्रदर्शनात बक्षीस आलोईसला मिळायचं, भाषणही तोच ठोकायचा, आणि ही कोपऱ्यात खसखस भरलेले गोड पाव, कोलाचे, विकत उभी असायची. मी मुद्दाम म्हणायचो, "बक्षीस याचं आणि गुडघे तुझे झिजले." ती हसून म्हणायची, "गप रे. याला दगड तेवढे कळतात."

कम्युनिस्ट राजवट पडून सरहद्द उघडली त्या वर्षी मंडळाने बस केली आणि आम्ही आल्प्स बघायला गेलो. तोवर आम्ही ते डोंगर फक्त चित्रांत पाहिले होते. वर, जिथे गवतही संपतं, तिथे आम्हाला आल्प्सचा राजा म्हणतात ते झाड दिसलं. रुप्यासारखी लव असलेली नाण्याएवढी उशी आणि तिच्यावर निळी फुलं. त्या निळ्याचं वर्णन करायच्या फंदात मी पडत नाही. व्लास्ता त्याच्यापुढे पोटावर आडवी झाली ती बसवाल्याने भोंगा वाजवेपर्यंत उठली नाही. उठली तेव्हा आलोईसला म्हणाली, "अरे, हे मला घरी पाहिजे."

या बाईने नवऱ्याकडे दुसरं काही मागितलेलं मी ऐकलं नाही. आणि मागितलं ते हे. या राजाला बागेत आणून मारलं नाही असा आमच्या मंडळात एकही जण नाही. बी रुजतं, रोप धरतं आणि हिवाळ्यात कुजतं. आलोईस वर्षानुवर्षं कुठून कुठून बी मागवत राहिला. कधी खडी बदलली, कधी रोपावर काच टेकवली. एका हिवाळ्यात बर्फ नीट पडलं नाही, तर हा म्हातारा डोंगराकडच्या रस्त्यावरून पोती भरून बर्फ घेऊन आला. आम्ही हसलो. रोप फेब्रुवारीत मेलं.

मग व्लास्ता हरवायला लागली. आधी कोलाच्यांत साखरेऐवजी मीठ पडलं, मग खाटकाच्या दुकानातून घरचा रस्ता सापडेना. एके दिवशी तिच्या टोपलीत तणाबरोबर त्या वर्षी लावलेली सगळी रोपंही निघाली. आलोईस तिच्यावर ओरडला. कुंपणापलीकडून मला ऐकू आलं, इतका ओरडला. त्यानंतर अख्खा उन्हाळा ती बागेत आली नाही. स्वयंपाकघरात हात एप्रनखाली धरून बसायची. टेबलावर पावाचा कण पडला असला तरी उचलू का म्हणून विचारायची. पुढे पुढे तिचं विचारणंही थांबलं आणि जेवणही.

शरदात आलोईसने तिला स्वतः हाताला धरून फरश्यांपाशी आणलं आणि टोपली शेजारी ठेवली. तिने एक वीसेक वर्षांची उशी मुळासकट उपटली. आलोईस म्हणाला, "छान केलंस." त्या संध्याकाळी ती वाटीभर सूप प्याली.

तेव्हापासून तेच सुरू झालं. रोज एखादी उशी जायची आणि रोज ती थोडी जेवायची. मला कुंपणाआडून बघवायचं नाही. मला व्लास्ताचा राग यायचा, आणि असल्या जिवाचा राग येतो म्हणून माझी मलाच लाज वाटायची. शेवटी मी आलोईसला म्हटलं, की बागेला जाळी घाल. तो म्हणाला, "एव्जेन, तिला बाहेर ठेवू आणि दगडांना आत? कुणासाठी?"

त्या वसंतात त्याने मला हळूच हाक मारली. उत्तरेकडच्या फटीत, काचेखाली, राजाचं एक रोप दोन हिवाळे काढून जगलं होतं आणि त्याला कळ्या आल्या होत्या. टोकांना निळं दिसत होतं. आम्ही दोघे म्हातारे गुडघ्यांवर बसलो. उठता येईल की नाही याचा विचार नंतर केला.

तो म्हणाला, "एकदा उमललेलं तिला दाखवायचं आहे. कोण जाणे, हे बघून मिनिटभर परत येईल."

मी म्हटलं, निदान एवढं तरी झाक. हे त्याने ऐकलं. काच काढून स्वयंपाकघरातली जुनी चाळण उपडी घातली आणि वर दगड ठेवला. मीही त्या दिवसांत सकाळी उठून आधी आभाळ बघायचो, ऊन पडू दे म्हणून.

ऊन पडलं. त्या सकाळी मी पाव घेऊन गेलो, तर आलोईस फरश्यांपाशी उभा होता. दगड बाजूला होता, चाळण नीट पुसून गवतावर ठेवलेली होती आणि व्लास्ता स्टुलावर बसून पुढची फट निंदत होती. टोपलीत सगळ्यात वर राजा होता. मूळ तुटलेलं. त्याच सकाळी त्याचं एक फूल उमललं होतं.

मी तोंड उघडणार तोच आलोईसने माझा दंड धरला.

व्लास्ताने वर पाहिलं. मला ओळखलं नाही याचं काही वाटलं नाही, ते नेहमीचं होतं. पण तिने आलोईसकडे पाहिलं आणि विचारलं, "तुम्ही नवीन आहात का इथं?"

जन्मभर त्याला अरे-तुरे केलेली बाई.

"उभे काय राहिलात, हात लावा जरा," ती म्हणाली. "माझा नवरा डोंगरावर गेलाय. मला एक निळं फूल हवंय, ते आणायला. तो यायच्या आत इथं सगळं साफ पाहिजे. ते लावायचं कुठं, नाहीतर?"

आलोईस वाकला, टोपलीतून ती उशी उचलून त्याने तळहातावर धरली आणि तिच्या पुढे केली. "हे असं होतं का?"

तिने मनापासून निरखून बघितलं. बोटाने फुलाला जरासं हलवलं. मग मान हलवून म्हणाली, "छे हो. ते फार निळं होतं."

त्याने उशी परत टोपलीत ठेवली. मला तिथून पळून जावंसं वाटलं. आलोईस फरशीला धरून हळूहळू तिच्या शेजारी गुडघ्यांवर बसला.

"बरं," तो म्हणाला. "कुठून सुरू करू, बाई?"

तिने फरश्यांच्या वरच्या रांगेकडे बोट दाखवलं. तिथल्या उशा अजून शाबूत होत्या. आलोईसने पहिल्या फटीत बोटं घातली आणि उपटायला सुरुवात केली.