बाराच्या जागी बसलेला जावई

बारा वर्षं दातांची डॉक्टरी केल्यावर मला कळलं, की मला बसता येत नाही.

हा शोध लागला जालना रोडवरच्या एका हॉटेलात, दंतवैद्यांची पाठ आणि मान वाचवण्यासाठी भरलेल्या शिबिरात. शिकवणारा पंचविशीतला, पट्टीसारखा ताठ. त्यानं जन्मात अक्कलदाढ काढली नसावी, पण अक्कल भरपूर पाजळली. "पेशंटच्या शेजारी वाकून बसणं सोडा! त्याच्या डोक्यामागं बसा, घड्याळात बारा असतात तिथं. आणि डेंटिस्टनं मान खाली घालायची नाही!" आम्ही चाळीस शहाण्यांनी टाळ्या वाजवल्या. (निम्मे जेवणासाठी आले होते. मीही.)

दुसऱ्याच दिवशी खुलताबादहून मामा आले. मामा म्हणजे माझे सासरे. जावई डॉक्टर आहे हे त्यांनी अजून मान्य केलेलं नाही; गावात ते मला 'दातवाला' म्हणतात. चार वाजता पडेगावला आमच्याच घरी मेहुणीला बघायला पाहुणे येणार होते. बोलणी मामाच करणार होते, आणि त्यांची उजवीकडची खालची दाढ ठणकत होती.

"जावई, चारच्या आत हे थांबलं पाह्यजे. लई मोठं घर हाय!"

"दहा मिनिटं, मामा!"

घराखालच्याच दवाखान्यात मी त्यांना खुर्चीवर आडवं केलं आणि रुबाबात डोक्यामागं बसलो. पाठ ताठ, मान त्याहून ताठ. बधिर करायचं इंजेक्शन दिलं.

"आता कसं वाटतंय?"

"दाढ ठणकतीच की! दुसरी बाजू मेली मात्र."

बारा वर्षं समोरून बघताना पेशंटची उजवी बाजू माझ्या डाव्या हाताला यायची. मागं बसलं की ती उजव्या हाताला येते, एवढं साधं गणित माझी ताठ मान विसरली होती! मग उजवीकडंही टोचलं. दाढ गप्प झाली. मामांची जीभ आणि ओठही गप्प झाले.

तेवढ्यात पाहुणे आलेच. मामांना तसंच वर घरात नेऊन बसवलं.

"पोरगी काय शिकलीय?" मुलाच्या वडिलांनी विचारलं.

"फी... फॉम," मामा म्हणाले. (बी.कॉम. हो!) चहाचा घोट ओठांतून थेट धोतरावर आला.

मुलाचे वडील बायकोच्या कानात पुटपुटले, "भर दुपारीच घेतलीय का काय?"

चहा देऊन दाराआड गेलेली मेहुणी मुसमुसायला लागली. माझ्या बायकोनं मला पुढं ढकललं. "अहो, बोला की काहीतरी!"

"त्यांनी घेतली नाही हो," मी घाईघाईनं म्हणालो, "मीच दिलीय!"

पाहुणे चपला शोधायला उठले. मग मात्र मी शिबिरापासून सुईपर्यंत सगळं कबूल केलं. मुलाचे वडील पोट धरून हसले.

"बसा, बसा. पोरगी पसंत हाय आम्हाला. पण ह्या दातवाल्याला आमच्या तोंडाला हात लावू द्यायचा नाय!"

मामांनी जोरजोरात मान हलवली. तेवढीच चालत होती.

शिबिराचं प्रमाणपत्र आता दवाखान्यात भिंतीवर लावलंय. मामा आले की मला ते दिसत नाही. मान खाली घातलेली असते.