कवळी कुठल्या डब्यात?

आमच्या भोईवाड्याच्या चाळीत कचऱ्याच्या गाडीबरोबर रोज सकाळी एक मुकादम येतात. नाव मी कधी विचारलं नाही. त्यांच्या खिशात, प्लास्टिकच्या पिशवीत, नियमांचा कागद असतो. तो उघडलेला मात्र मी पाहिला नाही. कुणी काही विचारलं की खिशावर टिचकी मारायची आणि उत्तर फेकायचं. "चहाचा चोथा? ओल्यात. दुधाची पिशवी? धुवून सुक्यात. संपलेले सेल? वेगळे द्या ना ताई, शंभरदा सांगितलं!"

मला राग यायचा. माझा डबा तर ते पेनाने उचकून बघत.

बाबा गेल्यावर महिन्याभराने त्यांची कवळी घेऊन मी खाली गेले. "बाबांची आहे. ही कशात टाकायची?"

मुकादमांचा हात खिशाकडे गेला आणि तिथेच राहिला. "ह्याचं ऑफिसात विचारायला लागेल. तोवर घरीच ठेवा."

दुसऱ्या दिवशी म्हणाले, "साहेब रजेवर आहेत." नंतर म्हणाले, "नवे नियम आलेत, त्यात बघतायत." मला काही कळेना. सेलसुद्धा नियमात बसतो, आणि कवळी नाही?

काल तळमजल्यावरच्या आजींनी स्वतःची मोडकी कवळी पुढे केली. मुकादमांनी खिशावर टिचकी मारली. "सुक्यात."

मी जिन्यातच उभी होते. त्यांनी वर पाहिलं, जरा घुटमळले.

"तुमचं अजून विचारतोय, ताई."

"सावकाश विचारा," मी म्हटलं.