माघारीच्या आदल्या दिवशी

खून, दरोडे पुष्कळ पाहिले आणि त्यातले बरेच विसरलोही. पण गगनबावड्याच्या वाटेवरच्या एका गावातली दूध संस्थेची निवडणूक अजून मनातून जात नाही. तेव्हा मी त्या भागात पोलीस निरीक्षक होतो.

संस्थेच्या चेअरमनने निवडणूक वर्षानुवर्षे टाळली होती. शेवटी सभासद उच्च न्यायालयात गेले. न्यायालयाने निवडणूक लावली, देखरेखीला एक निवृत्त न्यायाधीश निरीक्षक म्हणून नेमले आणि बंदोबस्त आमच्याकडे दिला. आदेश कडक होता. माघार घ्यायची तर उमेदवाराने स्वतः या न्यायाधीशांसमोर यायचं आणि त्यांनी त्याला एकट्याला विचारून खात्री करायची. चेअरमनविरुद्ध एक विधवा बाई उभी होती. दूध घालताना मापात होणारा अन्याय तिने तोंडावर बोलून दाखवला होता.

माघारीच्या आदल्या दिवशी तिच्या शेजारणीचा ठाण्यात फोन आला. "सायेब, वैनी कालपास्नं दिसंना झाल्यात. दीर म्हणतोय म्हायेरला गेल्यात. पर म्हस सकाळपास्नं वरडायलीय की!" स्वतःचं नाव सांगायला ती तयार नव्हती. स्टेशन डायरीला नोंद करून मी हवालदाराला घेऊन निघालो.

धारेच्या वेळेला पोचलो. दीर गोठ्यातच होता. "या सायेब, बसा, च्या टाकतो," असं त्याचं अगत्य उतू चाललं होतं. काही लपवायचं असलं की माणूस पोलिसाशी नको इतका गोड वागतो. म्हशीची कास तटतटली होती.

"धार कोण काढतंय?"

"मीच की."

"मग काढा बघू."

तो बादली घेऊन बसला. म्हशीने लाथ झाडली, बादली लवंडली. मीही शेतकऱ्याच्या घरातलाच. एकाच हाताची सवय लागलेली म्हैस दुसऱ्याला पान्हा सोडत नाही, आणि त्यावरचा उपायही मला ठाऊक होता.

"एरवी वैनी गावाला गेल्यावर काय करता?"

"तेंचं लुगडं आंगावर घिऊन बसतो. वासानं गप ऱ्हाती."

"मग आज का नाही घेतलं?"

तो लवंडलेली बादली उचलायला वाकला. त्याला ठाण्यात आणून समोर बसवलं, पाणी दिलं. आवाज न चढवता तोच प्रश्न पुन्हा पुन्हा विचारत राहिलो. शेवटी तो ढसाढसा रडायला लागला. "त्या लुगड्याला हात लावायला धजलो न्हाई, सायेब. आईवानी संबाळलंय तिनं मला!"

मग सगळं बाहेर आलं. वैनीने माघार घेतली नाही तर तुमच्या घरचं दूध संस्थेत घेणार नाही, अशी चेअरमनची धमकी होती. घर दुधावरच चालायचं. घाबरून त्याने चेअरमनच्या माणसांना साथ दिली आणि माघारीला हो म्हणेपर्यंत तिला कबनूरला एका खोलीत कोंडलं. खाली यंत्रमागांचा खडखडाट, तिची हाक ऐकणार कोण? आम्ही तडक कबनूर गाठलं. कडी काढल्यावर तिने पहिल्यांदा विचारलं, "माज्या नावानं कुणी माघार घेतली न्हाई न्हवं?"

झाला प्रकार कळवल्यावर न्यायाधीशांनी दुसऱ्या दिवशी तिला शाहूपुरीतल्या निवडणूक कार्यालयात बोलावलं, मलाही खोलीबाहेर काढलं आणि तिला एकटीला विचारलं. बाहेर येऊन ती म्हणाली, "माघार न्हाई म्हणून सांगितलं." मग जबाब दिला, त्यात दिराचंही नाव घेतलं. चेअरमनसह सगळ्यांवर गुन्हा दाखल झाला आणि दिराला अटक करावी लागली.

मी तिला गावी सोडायला गेलो. उंबऱ्यात जाऊ उभी होती. "माज्या मालकाला आत घालून आलीस. आता त्या कोर्टातच ऱ्हा!" म्हणून तिने दार लावून घेतलं. मी वर्दीत होतो, खिशात न्यायालयाचा आदेश होता, आणि त्या दारापुढे मला काही करता आलं नाही. फार वाईट वाटलं. बाई शेजारणीकडे राहिली.

मतदान शांततेत झालं आणि ती निवडून आली. लोक गुलाल घेऊन आले तेव्हा तिने हात आडवा धरला. "ह्यो लावून कुणाच्या घरात जाऊ, सायेब?"

न्यायालयाने तिचा नकार ऐकून घेतला, जपलाही. एवढंही पूर्वी कुणाच्या वाट्याला येत नव्हतं. पण त्या नकाराची किंमत ती घरी मोजत होती. पुढे निवडणुकीच्या प्रत्येक बंदोबस्ताआधी मी मतपेट्यांचं नंतर विचारायचो. आधी विचारायचो, बाई उमेदवार असली तर ती आज मुक्कामाला कुठे आहे, आणि तिथलं दार तिच्यासाठी कोण उघडणार आहे?