चार भिंतींवरची मावशी

भाची चित्रकलेच्या कॉलेजात शेवटच्या वर्षाला होती. प्रदर्शनासाठी मावशीच्या घरात आठवडाभर चार कॅमेरे लावायचे म्हणाली, तेव्हा मावशीच्या नवऱ्याला हसूच आलं. आमच्या घरात बघण्यासारखं आहे तरी काय, असं म्हणत त्यांनी परवानगी दिली. मावशीला कुणी विचारलं नाही आणि तिलाही ते खटकलं नाही. सासूबाई सहा वर्षं अंथरुणाला खिळलेल्या; तेव्हापासून तिला काही विचारायची पद्धतच मोडली होती.

पहिले दोन दिवस तिने ठेवणीतले कपडे घालून भांडी घासली. तिसऱ्या दिवशी कॅमेरे विसरून गेली.

महिन्याभराने प्रदर्शन लागलं. नवरा आईजवळ थांबायला तयार झाला, पण दोन तासांत परत ये, असं बजावून.

भाचीने तिला एका अंधाऱ्या खोलीत नेलं. खोली स्वयंपाकघराएवढीच, आणि चारही भिंतींवर चाललेल्या चित्रणात तीच. इकडे भाजी चिरतेय, तिकडे सासूबाईंना कुशीवर वळवतेय, समोर कपडे वाळत घालतेय. भिंतीवर सासूबाईंची घंटी वाजली आणि मधोमध उभी असलेली मावशी "आले, आले" म्हणत वळली. बघणाऱ्यांनी माना वळवल्या. ती ओशाळली.

चौथ्या भिंतीवर घराचं दार होतं. दुपारी तीनला, सगळं सामसूम असताना, ती तिथे आली. चपला घातल्या, पर्स खांद्याला लावली, कडी काढली आणि नुसती उभी राहिली. पाचेक मिनिटांनी कडी लावून तिने चपला जागच्या जागी ठेवल्या. भाचीने सातही दिवसांचं चित्रण एकापुढे एक जोडलं होतं. सातही दिवस तेच.

"जा की बाई एकदाची," शेजारचा एक अनोळखी माणूस पुटपुटला.

आपण असं करतो, हे मावशीला ठाऊकच नव्हतं.

"मावशी, कुठे निघायचीस गं तू?" भाचीने हळूच विचारलं.

तिने खूप आठवून पाहिलं. बाजार नव्हे, बहिणीचं घरही नव्हे.

"तेच सुचत नाही," ती म्हणाली. "सुचलं असतं तर गेले नसते का?"

हवं तर हा भाग काढून टाकते, असं भाची म्हणाली. राहू दे, म्हणून मावशीने घड्याळ पाहिलं आणि घाईने निघाली.

घरी नवऱ्याने कसं होतं ते विचारलं.

"छान होतं. मी बरीच वाळलेली दिसते."

त्यांनी मान डोलावली आणि आईची चादर ओली झाल्याचं सांगितलं. ती आत गेली.